रस्ता करून देणारा परमवीर

आधीच सांगते, मी कॉन्व्हेंटमध्ये शिकले. त्यामुळे ऱ्हस्व-दीर्घाच्या चुका सांभाळून घ्या.

मागच्या सेमिस्टरला होस्टेलच्या टीव्ही रूममध्ये कमांडोंचा एक सिनेमा लागला होता. तो संपला आणि जो तो पॅरा कमांडो व्हायला निघाला. मी म्हटलं, मलाही आर्मीत जायचंय. त्यावर कोणीतरी म्हणालं की तुम्ही सिव्हिलवाले तिथे जाऊन काय करणार, खड्डे बुजवणार? सगळे हसले. मीही हसले, पण मनाला लागलं ते लागलंच. मग लायब्ररीत शोधायला बसले आणि मला एक नाव सापडलं: मेजर राम राघोबा राणे, परमवीर चक्र.

राणेंचा जन्म २६ जून १९१८ चा. त्यांचं मूळ गाव कारवारजवळचं चेंडिया, म्हणजे गोव्याची हद्द ओलांडली की लगेच. वडील पोलीस कॉन्स्टेबल होते. त्यांच्या सारख्या बदल्या होत, त्यामुळे मुलाच्या शाळाही बदलत गेल्या. दुसरं महायुद्ध पेटलेलं असताना जुलै १९४० मध्ये, वयाच्या बाविसाव्या वर्षी, राणे साधे जवान म्हणून बॉम्बे इंजिनिअर्समध्ये भरती झाले. ही पलटण म्हणजे आजचे बॉम्बे सॅपर्स. आपण ट्रेनने पुण्याला जाताना जे खडकी स्टेशन लागतं ना, तिथे त्यांचं केंद्र आहे. ट्रेनिंगमध्ये राणे सर्वोत्तम रिक्रूट ठरले आणि लवकरच नाईक झाले.

मग त्यांना ब्रह्मदेशात आराकानच्या आघाडीवर पाठवलं गेलं. तिथला प्रसंग सिनेमात शोभेल असा आहे. आपलं सैन्य मागे हटत होतं. बुथिडाँगला महत्त्वाच्या गोष्टी शत्रूच्या हाती पडू नयेत म्हणून त्या नष्ट करायला राणे आणि थोडे जवान मागे ठेवले गेले. काम झाल्यावर त्यांना जहाजाने परत आणायचं ठरलं होतं, पण ते जमलं नाही. जपान्यांची गस्त असलेली नदी चोरून पार करत हे लोक आपापल्या हिमतीवर परतले. त्यानंतर राणे हवालदार झाले. पुढे डिसेंबर १९४७ मध्ये त्यांना कोअर ऑफ इंजिनिअर्समध्ये सेकंड लेफ्टनंटचं कमिशन मिळालं. इंजिनिअरिंग कॉलेजात न जाता, खालून वर चढत ते ऑफिसर झाले!

त्यानंतर चारच महिन्यांत त्यांची खरी परीक्षा आली. काश्मीरचं युद्ध चालू होतं. राजौरी हल्लेखोरांच्या ताब्यात होतं आणि तिथल्या सामान्य लोकांवर भयंकर अत्याचार होत होते. मदत पोचायला जितका उशीर होईल तितके जास्त जीव जाणार होते. ८ एप्रिल १९४८ ला नौशेऱ्याहून आपलं सैन्य निघालं. पुढे ४ डोग्रा, सोबत रणगाडे. डोग्रांनी ११ किलोमीटरवरची बरवाली टेकडी घेतली. हे अंतर साधारण आपल्या वाशी ते बेलापूरएवढं. पण त्यापुढचा रस्ता शत्रूने सुरुंग पेरून आणि झाडं आडवी टाकून बंद केला होता. रणगाडे तिथेच अडकले.

राणे ३७ असॉल्ट फील्ड कंपनीत होते. सुरुंग काढायला सुरुवात होते न होते तोच मॉर्टरचा मारा झाला. दोन जवान गेले, पाच जखमी झाले. त्या पाचांत स्वतः राणे होते. तरी त्यांनी उरलेल्यांना गोळा करून काम पुन्हा सुरू केलं. रणगाड्याखाली सरपटत, त्याच्याबरोबरच पुढे सरकत आणि दोरीने ड्रायव्हरला खुणा करत त्यांनी वाट काढली, असं सांगतात. ९ तारखेला बारा तास काम. जिथे रस्ता साफ होईना तिथे गोळीबारातच बाजूने नवी वाट काढली. १० तारखेला पाइनच्या झाडांचे अडथळे स्फोटाने उडवले. ११ ला सतरा तास! त्या दिवशी रणगाडे चिंगसला पोचले. तिथे मोगलांच्या काळातली सराई आहे. १२ एप्रिलला आपलं सैन्य राजौरीत शिरलं.

मला सगळ्यात भारी काय वाटलं सांगू? एका क्षणात जोशात येऊन उडी मारणं वेगळं. इथे जखमी माणूस चार दिवस सकाळी उठून तेच काम करत होता. एकेक सुरुंग, हात न थरथरता. एक जरी राहिला असता तरी मागून येणारा रणगाडा उडाला असता. आपण प्रॅक्टिकलला रीडिंग ढापतो, तेव्हा हे आठवायला हवं. (मीही ढापते, खोटं कशाला बोलू!)

त्या युद्धात पाच जणांना परमवीर चक्र मिळालं. त्यातले तिघे मरणोत्तर. हयात असलेले दोघे म्हणजे करम सिंग आणि राणे. या पदकाचं डिझाइन सावित्रीबाई खानोलकरांचं. त्या जन्माने युरोपियन, पण लग्न करून मराठी घरात आलेल्या.

राणे १९६८ मध्ये मेजर म्हणून निवृत्त झाले आणि १९९४ मध्ये पुण्यात वारले. कारवारच्या समुद्रकिनारी त्यांचा पुतळा आहे. शिपिंग कॉर्पोरेशनने एका तेलवाहू जहाजाला त्यांचं नाव दिलं होतं. २०२३ मध्ये अंदमानातलं एक बेटही त्यांच्या नावाचं झालं. तरी आमच्या टीव्ही रूममध्ये हे नाव कोणालाच माहीत नव्हतं. मलाही नव्हतं.

कमांडोंबद्दल आदर आहेच. पण त्यांनाही पुढे जायला कोणीतरी रस्ता करून द्यावा लागतो. आता मला कोणी विचारलं की आर्मीत जाऊन खड्डे बुजवणार का, तर मी सरळ हो म्हणेन.

– टी. ई. (सिव्हिल)