हैतीच्या वूडू उपासकांमध्ये रमलेल्या चित्रपट दिग्दर्शिका माया डेरेन

वूडू म्हणजे जादूटोणा, अशी प्रतिमा हॉलिवूडचे चित्रपट रुजवत असताना अमेरिकेतील प्रयोगशील चित्रपट दिग्दर्शिका माया डेरेन यांनी हैतीत राहून या धर्माचे विधी कॅमेऱ्यात टिपले. मात्र त्या चित्रीकरणाचा माहितीपट त्यांनी हयातीत पूर्ण केला नाही.

डेरेन यांचा जन्म १९१७ मध्ये कीव्ह येथे ज्यू कुटुंबात झाला. ज्यूविरोधी हिंसाचारामुळे या कुटुंबाने १९२२ मध्ये अमेरिकेत स्थलांतर केले. त्यांचे मूळ नाव एलिओनोरा. माया हे नाव त्यांनी १९४३ मध्ये पती अलेक्झांडर हॅमिड यांच्या सूचनेवरून धारण केले. भ्रम या अर्थाचा हा भारतीय शब्द त्यांच्या स्वप्नवत चित्रपटांना साजेसाच होता. त्याच वर्षी या दोघांनी तयार केलेल्या ‘मेशेस ऑफ द आफ्टरनून’ या लघुपटाने त्यांना ख्याती मिळवून दिली.

नृत्यांगना आणि मानववंशशास्त्रज्ञ कॅथरिन डनहॅम यांच्याकडे काम करताना डेरेन यांची हैतीतील नृत्यांशी ओळख झाली होती. १९४६ मध्ये गुगेनहाइम शिष्यवृत्ती मिळाल्यावर पुढच्याच वर्षी त्या हैतीला गेल्या. तेथे १९४१-४२ मध्ये कॅथलिक चर्चने अंधश्रद्धेविरुद्ध मोहीम राबवली होती. वूडूची देवळे उद्ध्वस्त करण्यात आली, ढोल जाळण्यात आले. अशा समाजाने परक्या व्यक्तीपासून, त्यातही कॅमेरा घेऊन आलेल्या व्यक्तीपासून अंतर राखणे स्वाभाविक होते. डेरेन यांनी घाई केली नाही. १९५४ पर्यंत त्या वारंवार हैतीला जात राहिल्या. पुजाऱ्यांशी त्यांचा स्नेह जुळला आणि पूजाविधींमध्ये त्या स्वतः सहभागी होऊ लागल्या.

आपल्याकडे ज्याला अंगात येणे म्हणतात, तसाच प्रकार वूडूमध्ये केंद्रस्थानी आहे. देवता भक्तावर घोड्याप्रमाणे स्वार होते, अशी उपासकांची श्रद्धा आहे. प्रेमाची देवता एर्झुली आपल्याही अंगात आल्याचा अनुभव डेरेन यांनी १९५३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘डिव्हाइन हॉर्समेन’ या पुस्तकात सविस्तर लिहिला आहे. अभ्यासकाने तटस्थ राहावे, अशी अपेक्षा असलेल्या त्या काळात हे धाडसच म्हणावे लागेल. नृत्यावर आधारित कलात्मक चित्रपट करण्याचा मूळ बेत त्यांनी सोडून दिला. विधीला त्याची स्वतःची सुसंगती असते. कलावंताने आपल्या सोयीने त्याची मोडतोड करू नये, या निष्कर्षाप्रत त्या आल्या होत्या. सुमारे १८ हजार फूट चित्रफीत मात्र तशीच पडून राहिली.

१३ ऑक्टोबर १९६१ रोजी न्यूयॉर्क येथे मेंदूतील रक्तस्रावामुळे वयाच्या अवघ्या ४४ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. पुढे त्यांचे तिसरे पती, संगीतकार तेइजी इतो आणि शेरेल विनेट इतो यांनी या चित्रफितीचे संकलन केले. पुस्तकातील मजकुराचे निवेदन जोडलेला सुमारे पन्नास मिनिटांचा हा माहितीपट पुस्तकाच्याच नावाने १९८५ मध्ये प्रकाशित झाला. त्याची मांडणी रूढ माहितीपटाची आहे, आणि ती डेरेन यांनी स्वीकारली असती का, यावर अभ्यासकांमध्ये आजही मतभेद आहेत.