पांडुरंगाच्या दारी पांडुरंग : साने गुरुजी



दिंडीच्या शताब्दीच्या या अंकात संतांची चरित्रे आहेत, आमच्या गुरुपरंपरेची माहिती आहे, जुन्या विणेकऱ्यांच्या आणि टाळकऱ्यांच्या आठवणी आहेत. त्यात साने गुरुजी कशाला, असं अंकाच्या बैठकीत दोघातिघांनी विचारलं. विचारणं रास्त होतं. गुरुजी कुठल्या फडाचे नव्हते, कीर्तनकार नव्हते, कुठल्या दिंडीत पताका घेऊन चाललेले नव्हते. ते शाळामास्तर. तुरुंग भोगलेले देशभक्त. समाजवादी मंडळीत वावरणारे. तरीपण आज आमच्या दिंडीतला कुठल्याही आळीतला माणूस राउळात जाऊन विठोबाच्या पायांवर डोकं ठेवतो, त्यामागे या मास्तरांचे दहा दिवसांचे उपवास आहेत, आणि पंढरपुरातल्या एका मठाचं उघडं दार आहे. मास्तर एका वाटेचे, मठ दुसऱ्या वाटेचा. त्या दोघांचा मेळ कसा बसला, ते नव्या पिढीला ठाऊक असावं म्हणून हे चरित्र.

गुरुजींचं नावच पांडुरंग. पांडुरंग सदाशिव साने. जन्म २४ डिसेंबर १८९९, कोकणात दापोलीजवळच्या पालगड गावी. घराणं खोताचं, पण वडिलांच्या काळात सगळं ओसरलं होतं. आई यशोदाबाई. या माउलीची गोष्ट गुरुजींनी पुढे नाशिकच्या तुरुंगात १९३३ साली लिहिली. ‘श्यामची आई’ हे पुस्तक ज्या घरात नाही, असं मराठी घर शोधावं लागेल. आमच्या वारीत ज्या बायाबापड्यांना अक्षर येत नव्हतं, त्यांनीही ते नातवंडांकडून वाचून घेतलं आणि पदर डोळ्यांना लावला.

त्या पुस्तकातली एक गोष्ट इथं सांगायलाच हवी. एक म्हातारी महारीण डोक्यावरची मोळी खाली पडल्यामुळे वाटेत अडून बसलेली असते. उन्हातान्हात कुणी हात लावायला तयार नाही, कारण शिवाशिव. आई श्यामला सांगते, जा, तिची मोळी उचलून दे, घरी आल्यावर अंघोळ घालते. बघा, त्या माउलीला जुनी रीत सगळी टाकता आली नाही. अंघोळ राहिलीच. पण रीत मोडते म्हणून तिने दया थांबवली नाही. त्या एका मोळीचं ओझं गुरुजींनी जन्मभर वाहिलं, असं आम्हांला वाटतं.

शिक्षण गरिबीत झालं. कधी वार लावून जेवले, कधी उपाशी राहिले. एम. ए. झाले आणि १९२४ साली खानदेशात अमळनेरच्या प्रताप हायस्कुलात शिक्षक म्हणून लागले. वसतिगृहाची जबाबदारी त्यांच्याकडे होती. मुलं शाळेत गेली की हा मास्तर त्यांच्या खोल्या झाडायचा, अंथरुणं घड्या करून ठेवायचा, कपडे धुवायचा. मुलांसाठी रोज स्वतःच्या हातानं लिहून ‘छात्रालय’ नावाचं दैनिक काढायचा. बोलून शिकवण्यापेक्षा करून दाखवणं, ही त्यांची रीत. १९३० साली मिठाचा सत्याग्रह सुरू झाला तशी त्यांनी नोकरी सोडली, आणि मग तुरुंगाच्या वाऱ्या सुरू झाल्या.

यातली एक वारी आपल्या संप्रदायाला फार मोलाची ठरली. १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात विनोबा भावे दर रविवारी गीतेवर बोलत. ते बोलणं उतरून घेतलं साने गुरुजींनी. ‘गीता प्रवचने’ म्हणून जे पुस्तक आज मठामठांत वाचलं जातं, ते गुरुजींच्या लेखणीतून आपल्यापर्यंत आलं. पुढे त्यांनी खानदेशातल्या शेतकऱ्यांचा सारा माफ व्हावा म्हणून गावं पालथी घातली, अमळनेरच्या गिरणी कामगारांसाठी झटले, १९४२ च्या लढ्यात भूमिगत राहिले, पुन्हा तुरुंगात गेले. हे सगळं थोडक्यात सांगतो, कारण आम्हांला पंढरपुरी पोचायचं आहे.

आता पंढरपूर त्या काळी कसं होतं, हे जुन्या माणसांना माहीत आहे, नव्यांना सांगावं लागतं. महाद्वारात नामदेवांची पायरी आणि समोर चोखोबांची समाधी. चोखोबा इथून जवळच्या मंगळवेढ्याचे. गावकुसाचं बांधकाम करताना अंगावर कोसळलं आणि तिथंच गेले. त्यांच्या अस्थी नामदेवराय घेऊन आले आणि देवाच्या दारात त्यांनी समाधी बांधली. शिंप्याच्या पोरानं महाराच्या अस्थी पदरात घ्याव्यात, हा मेळ आपल्या संप्रदायानं सहाशेहून अधिक वर्षांपूर्वी पाहिला आहे. आपण त्या गोष्टीवर कीर्तनं केली, ऐकणाऱ्यांच्या डोळ्यांना पाणी आणलं. पण चोखोबांच्या जातभाईंना मात्र त्या समाधीच्या पुढं पाऊल टाकता येत नव्हतं. समाधीपाशी माथा टेकायचा, कळसाला हात जोडायचे आणि मागं फिरायचं. दोनशे मैल चालत आलेल्या माणसालासुद्धा तेच. वाळवंटात सगळे सारखे, दाराशी मात्र नाही. हे आमच्या वाडवडिलांच्या डोळ्यांदेखत चालत होतं, आणि त्यात काही चुकतंय असं बहुतेकांना वाटत नव्हतं.

मंदिराची दारं उघडावीत म्हणून याआधी मोठे लढे झाले होते. केरळात वायकोमला १९२४ साली देवळाभोवतीचे रस्ते सगळ्यांना खुले व्हावेत म्हणून सत्याग्रह झाला. नाशिकला १९३० साली डॉक्टर बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला आणि तो कित्येक वर्षं चालला. दार उघडलं नाही. शेवटी १९३५ साली येवल्याला बाबासाहेबांनी धर्म सोडण्याची घोषणा केली. म्हणजे १९४७ उजाडेपर्यंत त्या समाजातल्या पुष्कळांनी देवळाची आशाच सोडली होती. गुरुजींना हे कळत होतं. दलितांना देऊळ हवं की नको, हा त्यांचा प्रश्नच नव्हता. आत असलेल्यांचं मन स्वच्छ व्हायला हवं, हा प्रश्न होता. देश स्वतंत्र व्हायला निघालाय आणि विठोबा मात्र बडव्यांच्या कुलपात, हे त्यांना सोसेना.

१९४६ च्या कार्तिकी एकादशीपासूनच उपोषण करायचं त्यांच्या मनात होतं. जाणत्या मंडळींनी थांबवलं. आधी लोकांत जा, मन वळवा, सहा महिने द्या, असं सांगितलं. गुरुजींनी ऐकलं, आणि १९४७ च्या सुरुवातीपासून महाराष्ट्रभर दौरा केला. सेनापती बापट बरोबर होते, राष्ट्र सेवा दलाची पोरं गाणी म्हणत पुढं असत. ज्या गावात जात, तिथं आधी गावची विहीर आणि गावचं देऊळ सगळ्यांना खुलं करा म्हणत. कित्येक गावांनी केलं. कित्येकांनी दगड उचलले.

मे महिना आला. पंढरपूरचा मे म्हणजे वाळवंटात पाय ठेववत नाही असा. १ मेपासून गुरुजी उपोषणाला बसणार हे जाहीर झालं, पण बसायचं कुठं? गावात कुणी जागा देईना. बडव्यांचा विरोध उघड होता. वारकऱ्यांतले पुष्कळ जण विरोधात होते, काही गप्प होते. धर्मशाळा कितीतरी, मठ कितीतरी, पण विषाची परीक्षा कोण घेणार?

तेव्हा तनपुरे महाराजांनी आपल्या मठाचं दार उघडलं.

सज्जनहो, हे वाचायला सोपं वाटतं. मठ कशावर चालतो हे आम्हांला ठाऊक आहे. भाविकांच्या पायलीपासरीवर, एकादशीच्या दानावर, गावोगावच्या शिष्यांवर. लोक फिरले तर चूल विझते. शिवाय गुरुजींच्या बरोबर येणारी मंडळी कोण? कुणी देव न मानणारी, कुणी टोपी घालून राजकारण करणारी, कुणाच्या गळ्यात माळ नाही, कुणाला हरिपाठ येत नाही. महाराजांचं आणि त्यांचं रोजच्या आचारात काही जुळण्यासारखं नव्हतं. तरी महाराजांनी हिशेब केला नाही. माणूस विठोबासाठी उपाशी बसतोय आणि त्याला पंढरपुरात सावली नाही, हे त्यांना वारकरी म्हणून पटलं नाही, एवढंच. माळकऱ्याच्या मठात बिनमाळेचा मास्तर बसला, आणि बाहेर माळ घातलेले त्याच्या विरोधात घोषणा देत फिरले. असा उलटा देखावा पंढरपुरानं त्या दहा दिवसांत पाहिला.

उपोषण चालू असताना महात्मा गांधींची तार आली. त्यांच्या कानावर खरी हकिगत गेली नव्हती, आणि उपोषण थांबवावं असं त्यांचं म्हणणं पडलं. गांधीजी म्हणजे गुरुजींचं दैवत. पण गुरुजींनी नम्रपणे कळवलं की मागं फिरता येणार नाही. ज्याला आपण गुरू मानतो त्याचाही शब्द मोडावा लागला, हे दुःख त्या उपवासापेक्षा जड असणार.

दिवस जात होते, शरीर खंगत होतं. शेवटी गणेश वासुदेव मावळणकर मध्ये पडले. ते तेव्हा दिल्लीच्या मध्यवर्ती विधिमंडळाचे अध्यक्ष होते, पुढे लोकसभेचे पहिले अध्यक्ष झाले. त्यांनी बडवे मंडळींशी बोलणी केली, मंदिर सर्वांना खुलं करण्याला त्यांची संमती मिळवली, आणि १० मे १९४७ रोजी गुरुजींनी उपवास सोडला. त्याच वर्षी मुंबई सरकारनं मंदिर प्रवेशाचा कायदाही केला. स्वातंत्र्याच्या साली विठोबा मोकळा झाला, असं आमचे वडीलधारे म्हणत.

आता आमच्या दिंडीबद्दल खरं ते लिहितो. शताब्दीच्या अंकात फक्त गोड लिहावं असं नाही. त्या साली आमची दिंडी तरुण होती. वेशीबाहेरच्या वस्तीतले काही भाऊ आमच्याबरोबर चालत, पण विणेकऱ्यापासून हात राखून, सगळ्यांच्या मागं. त्यांची पंगत निराळी, पाणी वरून ओतायचं. मे महिन्यात पंढरपुरात काय चाललंय हे गावात कळलं, तेव्हा आमच्या वडीलधाऱ्यांत दोन तट पडले. एका तटाचं म्हणणं, आता वारीच बंद करावी. दुसऱ्याचं म्हणणं, देवानंच मनात आणलं असेल तर आपण कोण अडवणारे. आमच्यातल्या कुणीही मठात जाऊन गुरुजींच्या पायाशी बसलं नाही. ही उणीव आमची, आणि ती आम्ही इथं लिहून ठेवतो.

पण वारी बंद झाली नाही. पुढच्या एका वारीत मागं चालणाऱ्यांतला एक म्हातारा प्रथमच राउळात गेला. बाहेर आल्यावर त्याला बोलवेना. नामदेव पायरीपाशी तो खाली बसला आणि चोखोबांच्या समाधीकडं बघत राहिला. आमच्या एका जुन्या टाळकऱ्यानं त्याला आपल्या तांब्यातलं पाणी दिलं, वरून न ओतता, हातात तांब्या देऊन. त्या दिवसापासून आमची पंगत एक झाली. ही आठवण आम्ही आमच्या घरच्या म्हाताऱ्यांकडून अनेकदा ऐकली. सांगताना त्यांचा आवाज खाली यायचा.

गुरुजी पुढं फार जगले नाहीत. गांधीजींची हत्या झाल्यावर त्यांनी २१ दिवसांचा उपवास केला. १५ ऑगस्ट १९४८ ला ‘साधना’ साप्ताहिक सुरू केलं. प्रांताप्रांतांनी एकमेकांच्या भाषा शिकाव्यात म्हणून आंतरभारतीचं स्वप्न पाहिलं. फार हळवा जीव. जगातलं वाईट त्याला सोसवेना. ११ जून १९५० रोजी त्यांनी आपली यात्रा संपवली. वय पन्नास.

या चरित्रातून आम्ही काय घ्यावं? आम्हांला एवढं कळलं की दार एका वाटेच्या माणसानं उघडत नाही. गुरुजी एकटे असते तर त्यांना वाळवंटातल्या उन्हात बसावं लागलं असतं. महाराज एकटे असते तर मठ चालू राहिला असता, दारही बंदच राहिलं असतं. दोघांची मतं शेवटपर्यंत आपापली राहिली. कुणी कुणाला माळ घातली नाही, कुणी कुणाची माळ काढली नाही. एका कामापुरती एकानं दुसऱ्याला ओसरी दिली, आणि ते काम देवाचं होतं.

आज आमच्या दिंडीत शहरातली पोरं येतात, डॉक्टर मंडळी येतात, कुणी फक्त चालायला येतं. कुणाला अभंग पाठ नसतो, कुणाचा देवावर विश्वासही नसतो. मुक्कामावर कधी कधी कुरकुर होते, हे आपले नव्हेत म्हणून. तशी कुरकुर कानावर आली की तनपुरे महाराजांचा मठ आठवावा. पंढरपुरात गेल्यावर चोखोबांच्या समाधीपाशी थांबावं, नामदेवांच्या पायरीला हात लावावा, मग आत जावं. आणि पायांवर डोकं ठेवताना त्या पांडुरंग नावाच्या मास्तराची एकदा आठवण काढावी.

राम कृष्ण हरी.