विश्लेषण : समुद्र नसलेल्या सोलापूरचा माणूस जहाजांच्या धंद्यात का उतरला?

दरवर्षी ५ एप्रिलला देशात राष्ट्रीय सागरी दिन पाळला जातो. १९१९ मध्ये याच तारखेला ‘लॉयल्टी’ हे भारतीय मालकीचे जहाज मुंबईहून लंडनला निघाले होते. त्यामागे जे मोजके लोक होते, त्यांतील एक होते सोलापूरचे वालचंद हिराचंद. सोलापूरकरांना हे नाव कॉलेजमुळे ठाऊक असते, इंदापूरकरांना वालचंदनगरमुळे आणि मुंबईकरांना प्रीमियरच्या मोटारींमुळे. मात्र त्यांच्या आयुष्यातील सर्वांत मोठी लढाई जहाजांची होती. देशाचा माल परदेशी जातो, तेव्हा त्याच्या वाहतुकीचा पैसा कोणाच्या खिशात पडतो, हा त्या लढाईतला प्रश्न होता.

वालचंद यांची जडणघडण कशी झाली?

२३ नोव्हेंबर १८८२ रोजी सोलापुरातील गुजरातीभाषक दिगंबर जैन कुटुंबात वालचंद यांचा जन्म झाला. घराण्याचे आडनाव दोशी. वडील हिराचंद नेमचंद यांचा कापसाचा व्यापार आणि सावकारी पेढी होती. ‘जैन बोधक’ हे नियतकालिकही त्यांनीच सुरू केले. वालचंद अगदी तान्हे असतानाच आई गेली.

त्या काळचे सोलापूर झपाट्याने बदलत होते. १८६० मध्ये रेल्वे आली. मुंबईच्या मोरारजी गोकुळदास यांनी सोलापूर स्पिनिंग अँड वीव्हिंग कंपनी, म्हणजे सोलापूरकरांची जुनी गिरणी, काढली. कापूस गाड्या भरून बाहेर जात होता आणि सूत गिरणीतून निघत होते. मुंबई आणि पुण्यात कॉलेजचे शिक्षण सुरू झाले, पण ते अर्धवट सोडून वालचंद घरच्या व्यापारात आले. तिथे त्यांचे मन रमले नाही. व्याज मोजत गादीवर बसणे हा त्यांचा पिंड नव्हता.

कंत्राटदारीकडे कसे वळले?

रेल्वेतील कारकुनी सोडून कंत्राटदार झालेले लक्ष्मणराव फाटक यांच्याशी त्यांची गाठ पडली. पहिले काम घराजवळचेच होते. बार्शी लाइट रेल्वेचा, म्हणजे कुर्डुवाडी-बार्शीच्या त्या छोट्या गाडीचा मार्ग पुढे वाढवायचा होता आणि त्यातील एक तुकडा या दोघांना मिळाला. फाटकांचा अनुभव आणि वालचंद यांचे भांडवल, अशी ही ‘फाटक-वालचंद’ भागीदारी. भराव, खडी, मजूर आणि वेळेत काम पुरे करण्याची धडपड यांतून ते धंदा शिकले.

पुढे कामे मोठी होत गेली. पहिल्या महायुद्धात लष्करी बांधकामे मिळाली. १९२० मध्ये टाटांच्या साथीने टाटा कन्स्ट्रक्शन कंपनी निघाली. बोरघाटातील रेल्वेचे बोगदे आणि मुंबईला पाणी देणारी तानसाची जलवाहिनी ही त्या काळातील कामे. १९२६ मध्ये हिंदुस्तान कन्स्ट्रक्शन कंपनी उभी राहिली. इथे एक गोष्ट नोंदवायला हवी. ज्या सरकारशी वालचंद पुढे आयुष्यभर भांडले, त्याच सरकारच्या कंत्राटांवर त्यांचा पाया उभा होता. त्यांच्यावर टीका करणारे याकडे बोट दाखवत, आणि ते खोटे नव्हते.

‘लॉयल्टी’ जहाज कुठून आले?

मूळ नाव ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’. कॅनडाच्या एका कंपनीसाठी १८९१ च्या सुमारास इंग्लंडमध्ये बांधलेले हे प्रवासी जहाज महायुद्धाच्या सुरुवातीला ग्वाल्हेरच्या माधवराव शिंदे महाराजांनी घेतले आणि जखमी सैनिकांसाठी त्याचे तरते रुग्णालय केले. युद्ध संपल्यावर ते विकायचे होते. दिल्लीहून परतताना रेल्वेच्या डब्यात एका सहप्रवाशाकडून वालचंद यांना ही खबर लागली, असे सांगितले जाते. मुंबईत पोहोचताच त्यांनी हालचाल सुरू केली.

युद्धात असंख्य जहाजे बुडाली होती आणि मालाला जागा मिळत नव्हती. जहाजभाडे आकाशाला भिडले होते. अशा वेळी हातात जहाज असणे म्हणजे सोने. वालचंद यांनी नरोत्तम मोरारजी, लल्लुभाई सामळदास आणि किलाचंद देवचंद यांना सोबत घेतले. नरोत्तम हे जुनी गिरणी काढणाऱ्या मोरारजी गोकुळदास यांचे पुत्र, त्यामुळे सोलापूरचा धागा दोन्ही बाजूंनी होता. २७ मार्च १९१९ रोजी कंपनी स्थापन झाली आणि ग्वाल्हेरच्या महाराजांवरून तिला सिंधिया स्टीम नेव्हिगेशन हे नाव मिळाले. अवघ्या नऊ दिवसांत जहाज निघाले. वालचंद स्वतः त्यावर होते.

व्यवहार म्हणून पाहिले तर ‘लॉयल्टी’ फसली. जहाज म्हातारे होते आणि कोळसा भरपूर खायचे. युद्धानंतरची तेजीही लवकरच ओसरली. १९२३ मध्ये ते भंगारात निघाले.

मग लढाई नेमकी कोणाशी होती?

भारताच्या किनाऱ्यावरील वाहतुकीवर ब्रिटिश इंडिया स्टीम नेव्हिगेशन कंपनीची पकड होती, तर युरोपच्या मार्गावर पी अँड ओ कंपनीची. १९१४ मध्ये दोन्ही एकत्र आल्या होत्या आणि सूत्रे लॉर्ड इंचकेप यांच्या हाती होती. तेच इंचकेप सरकारी समित्यांवरही असत.

नव्या कंपनीला बाहेर ठेवण्याची त्यांची पद्धत समजून घेण्यासारखी आहे. पहिले हत्यार मागाहून मिळणाऱ्या सुटीचे. व्यापाऱ्याने पूर्ण भाडे भरायचे. त्यातील काही टक्के रक्कम कंपनी अनेक महिन्यांनी परत करणार, पण मधल्या काळात त्याने एकही पोते दुसऱ्याच्या जहाजात चढवले नसेल तरच. म्हणजे व्यापाऱ्याचेच पैसे त्याच्याविरुद्ध ओलीस. दुसरे हत्यार भाडेकपातीचे. नवी कंपनी ज्या मार्गावर येईल, तिथले भाडे खर्चाच्याही खाली आणायचे आणि तिचा दम निघाला की पुन्हा वाढवायचे.

या दोन हत्यारांनी आधीही बळी घेतले होते. मुंबईचे सूत चीन-जपानकडे नेण्यासाठी जमशेटजी टाटांनी १८९० च्या दशकात जपानी कंपनीच्या साह्याने जहाजे सुरू केली, ती बंद करावी लागली. तुतिकोरिनच्या व्ही. ओ. चिदंबरम पिल्ले यांनी १९०६ मध्ये स्वदेशी कंपनी काढली. ते तुरुंगात गेले आणि कंपनी बुडाली.

सिंधियाने इंग्लंडमधून मालवाहू जहाजे घेतली आणि ब्रह्मदेशचा तांदूळ आणायला सुरुवात केली. लगेच रंगून-मुंबई मार्गावरील भाडे कोसळले. कंपनी विकत घेण्याचाही प्रयत्न झाला, तो नाकारला गेला. अखेर १९२३ मध्ये लंडनमध्ये दहा वर्षांचा करार झाला. सिंधियाने किनारी मालवाहतुकीपुरते राहायचे, प्रवासी घ्यायचे नाहीत, ताफा ठरावीक मर्यादेपलीकडे वाढवायचा नाही. लंडनला जहाज पाठवून जन्मलेल्या कंपनीला लंडनचाच मार्ग बंद झाला. पण कंपनी जिवंत राहिली, आणि आधीच्यांचे हाल पाहता हेही थोडे नव्हते.

जहाजभाड्याला एवढे महत्त्व का?

गिरणीतील सूत किंवा शेतातील कापूस परदेशात विकला की पैसे येतात, हे दिसते. भाडे, विमा आणि दलालीपोटी त्यातून किती पैसे परत बाहेर जातात, ते दिसत नाही. शिवाय कोणत्या मालाला कोणत्या बंदरापर्यंत स्वस्त भाडे लावायचे, हे जहाजवाला ठरवतो. म्हणजे कुठला उद्योग बाजारात टिकेल, यातही त्याचा हात असतो.

नॉर्वेचे उदाहरण पाहावे. शेतीयोग्य जमीन थोडी, निर्यातीला मुख्यतः मासे आणि लाकूड. १९३९ मध्ये त्याची लोकसंख्या जेमतेम ३० लाख होती, तरी व्यापारी जहाजांचा त्याचा ताफा जगात चौथा होता. दुसऱ्यांचा माल वाहून हा छोटा देश परकीय चलन कमावत होता. त्याच वेळी ३५ कोटींहून अधिक लोकसंख्येच्या हिंदुस्थानाला स्वतःच्या किनाऱ्यावर माल वाहण्यासाठी परवानगीची भाषा बोलावी लागत होती.

किनारी वाहतूक भारतीय जहाजांसाठी राखून ठेवावी, असे विधेयक एस. एन. हाजी यांनी १९२८ मध्ये मध्यवर्ती कायदेमंडळात आणले. ते कायद्यापर्यंत पोहोचले नाही. १९२९ मध्ये नरोत्तम मोरारजी यांचे अपघाती निधन झाले आणि सिंधियाची धुरा वालचंद यांच्याकडे आली. तोवर महाराष्ट्र चेंबरची स्थापना त्यांच्या पुढाकाराने झाली होती. १९३२-३३ मध्ये ते फिक्कीचे अध्यक्षही झाले.

साखरेचा उद्योग मध्येच कसा आला?

नाशिक जिल्ह्यातील रावळगाव आणि इंदापूर तालुक्यातील कळंब इथे वालचंद यांनी माळरान घेऊन ऊस लावला. जावाच्या साखरेवर अवलंबून असलेल्या देशात १९३२ मध्ये साखर उद्योगाला संरक्षण मिळाले आणि दोन्हीकडे कारखाने उभे राहिले. कळंबची वसाहत पुढे वालचंदनगर झाली. आधी साखर, मग साखरेची यंत्रे, आणि आज इस्रोच्या रॉकेटचे भाग, असा त्या गावाचा प्रवास आहे. रावळगावच्या गोळ्या तर दोन-तीन पिढ्यांच्या खिशात होत्या.

विमान, जहाज आणि मोटार एकाच वेळी?

१९३९ ते १९४५ हा वालचंद यांच्या धावपळीचा कळस. अमेरिकेहून परतताना विमानप्रवासात त्यांची विल्यम पॉली या विमान व्यावसायिकाशी ओळख झाली. त्यातून म्हैसूर संस्थानच्या भागीदारीत डिसेंबर १९४० मध्ये बेंगळूरुला हिंदुस्तान एअरक्राफ्ट कंपनी नोंदली गेली. आजच्या एचएएलचे हे मूळ. १९४२ मध्ये युद्धाचे कारण देऊन सरकारने वालचंद यांचा हिस्सा घेतला.

जहाज बांधणीसाठी त्यांना कलकत्ता हवे होते. तिथे जमले नाही म्हणून विशाखापट्टणम निवडले. २१ जून १९४१ रोजी राजेंद्रप्रसाद यांनी पायाभरणी केली. पुढच्याच एप्रिलमध्ये जपानी विमानांनी त्या शहरावर बॉम्ब टाकले आणि यंत्रे हलवावी लागली. मोटार कारखान्याला युद्धकाळात सरकारने साथ दिली नाही, तरी १९४४ मध्ये प्रीमियर ऑटोमोबाइल्स स्थापन झाली आणि क्रायस्लरच्या साह्याने कुर्ल्यात गाड्या तयार होऊ लागल्या.

एक काम रुळावर येण्याआधीच दुसऱ्यात उडी, हा वालचंद यांचा स्वभाव. पैसा सतत ओढाताणीचा, कर्जे मोठी. सावध सहकाऱ्यांना हे जड जाई. पण सावध माणसाने ‘लॉयल्टी’ घेतलीच नसती.

स्वातंत्र्यानंतर काय झाले?

१४ मार्च १९४८ रोजी विशाखापट्टणमला ‘जल उषा’ हे ८ हजार टनी जहाज पंतप्रधान नेहरूंच्या हस्ते पाण्यात उतरले. किनारी वाहतूक भारतीय जहाजांसाठी राखून ठेवण्याची मागणीही मान्य झाली. मात्र इथे बांधलेले जहाज ब्रिटनमधल्यापेक्षा महाग पडत होते. सरकारी मदतीशिवाय गोदी चालणे अशक्य झाले आणि १९५२ मध्ये सरकारने तिची सूत्रे हाती घेतली. परक्या सरकारने विमान कारखाना घेतला, आपल्या सरकारने गोदी. फरक असा की दुसऱ्या वेळी दुसरा मार्गही उरला नव्हता.

तोपर्यंत वालचंद थकले होते. १९४९ मध्ये त्यांना पक्षाघाताचा झटका आला आणि पुढच्या वर्षी ते कामातून निवृत्त झाले. पत्नी कस्तुरबाई अखेरपर्यंत सोबत होत्या. ८ एप्रिल १९५३ रोजी गुजरातमधील सिद्धपूर इथे त्यांचे निधन झाले. ‘लॉयल्टी’च्या प्रवासाचा दिवस सागरी दिन म्हणून पाळण्यास १९६४ मध्ये सुरुवात झाली. सिंधिया कंपनी मात्र पुढील दशकांत कर्जाखाली दबत गेली आणि तिची जहाजे इतिहासजमा झाली.

आज परिस्थिती काय आहे?

भारताच्या आयात-निर्यातीतील बहुतांश माल समुद्रमार्गे जातो, पण भारतीय जहाजांचा त्यातील वाटा फारच थोडा आहे. सप्टेंबर २०२५ मध्ये केंद्र सरकारने जहाजबांधणीसाठी ६९,७२५ कोटी रुपयांची योजना मंजूर केली, ती याच कारणाने.

सोलापूरची जुनी गिरणी बंद पडून बराच काळ लोटला. आता शहराचा निर्यातीचा माल म्हणजे टेरी टॉवेल. तो परदेशी जायचा तर कंटेनरमध्ये भरून बंदर गाठायचे आणि तिथून पुढे बहुधा परदेशी कंपनीचे जहाज. या धंद्यात आघाडीवर असलेली मर्स्क कंपनी डेन्मार्कची आहे. तिच्याही पुढे गेलेल्या एमएससीचे मुख्यालय जिनिव्हात आहे, आणि स्वित्झर्लंडलाही समुद्र नाही.