हिराबाई बडोदेकर : सुरांचे दान

मिरजेत १९०५ साली जन्मलेल्या हिराबाई बडोदेकर यांना सूर घरातच लाभले. वडील किराणा घराण्याचे उस्ताद अब्दुल करीम खाँ, आई ताराबाई माने. सुरेशबाबू माने व सरस्वती राणे ही भावंडेही गायक. आईवडील विभक्त झाल्यावर भावंडे आईसोबत राहिली. कुलीन स्त्रियांना रंगभूमी निषिद्ध मानली जाई, त्या काळात हिराबाईंनी संगीत नाटकांत भूमिका केल्या. नाटक मंडळी कर्जात बुडाली, तेव्हा मैफली गाऊन त्यांनी देणे फेडले. १९७० साली त्यांना पद्मभूषण लाभले. १९८९ साली त्या निवर्तल्या.

तालंतांचा दाखला आम्ही वारंवार ऐकतो. दान पुरून न ठेवता संकटातही ते वाढविणारे हे जीवन आमच्या गायकवृंदांतील मुलींनी, आणि विशेषतः त्यांच्या पालकांनी, मनन करण्याजोगे आहे.