संगीतकार केशवराव भोळे

इ. स. १९३१ मध्ये भारतीय चित्रपट बोलू लागला आणि बोलू लागताच तो गाऊही लागला. १९३२ सालच्या ‘इंद्रसभा’ या एकाच बोलपटात सत्तरच्या आसपास गाणी होती! त्या काळी आनंदाच्या प्रसंगी गाणे, शोकाच्या प्रसंगीही गाणे. मग कोणाच्या तोंडी कोणते गाणे शोभेल, याचा विचार क्वचितच होई. हा विचार ज्यांनी मराठी चित्रपटात रुजविला, त्यांत केशवराव भोळे यांचे नाव अग्रभागी आहे.

केशवरावांचा जन्म १८९६ साली अमरावती येथे झाला. पुढे वैद्यकीय शिक्षणासाठी ते मुंबईस आले. डॉक्टर होऊन सुखाने संसार करावा, असा सरळ मार्ग त्यांच्यापुढे होता. परंतु त्यांचे मन संगीताकडे ओढ घेत होते. अखेर वैद्यकाचा अभ्यास सोडून त्यांनी ही अनिश्चित वाट धरली. थोर गवयांचे गाणे ते एकाग्रतेने ऐकत, त्यातील सौंदर्याचे मर्म शोधीत आणि ‘एकलव्य’ या टोपणनावाने त्यावर लेखही लिहीत.

१९३३ साली ‘नाट्यमन्वंतर’ या संस्थेने ‘आंधळ्यांची शाळा’ हे नाटक रंगभूमीवर आणले. त्याला केशवरावांचे संगीत होते. जुन्या नाटकांत पदांची रेलचेल असे. येथे मात्र मोजकीच गाणी होती, आणि तीही प्रसंगातून सहज उमलणारी. केशवरावांच्या पत्नी ज्योत्स्नाबाई भोळे यांनी ती गाऊन रसिकांना मोहून टाकले.

त्याच वर्षी ‘प्रभात फिल्म कंपनी’ कोल्हापूरहून पुण्यास आली. तिच्या ‘अमृतमंथन’ या १९३४ सालच्या चित्रपटाचे संगीत केशवरावांनी केले. १९३६ साली दामले व फत्तेलाल यांनी दिग्दर्शित केलेला ‘संत तुकाराम’ प्रकाशित झाला. त्यात विष्णुपंत पागनीस यांनी तुकोबांचे अभंग स्वतः गायिले. त्या चाली साध्या, भजनाच्या वळणाच्या आहेत. उलट, तुकोबांचा द्वेष करणारा सालोमालो तेच अभंग आपले म्हणून नाटकी, नखरेल ढंगाने गातो. शब्द संतांचे असले, तरी चालीवरून गाणाऱ्याचे अंतःकरण कळून येते! चित्रपटातील एक अभंग तर तुकोबांचा नव्हेच. तो शांताराम आठवले यांनी रचिला होता. परंतु शब्द आणि चाल यांचा मेळ असा जमला, की अनेकांना तो तुकोबांचाच वाटला. १९३७ साली इटलीतील व्हेनिस येथील चित्रपट महोत्सवात या चित्रपटाचा गौरव झाला.

याहून कठीण कसोटी ‘कुंकू’ या १९३७ सालच्या चित्रपटात लागली. वृद्धाशी फसवणुकीने लग्न लावून दिलेल्या, पण अन्यायापुढे मान न तुकविणाऱ्या नीरेची ही कथा. नीरेची भूमिका शांता आपटे यांनी केली होती. अशा प्रसंगी पडद्यामागून करुण वाद्ये वाजविण्याचा मोह कोणाला होणार नाही? परंतु येथे पार्श्वसंगीत जवळजवळ वर्ज्यच करण्यात आले. घरातील, रस्त्यावरील स्वाभाविक ध्वनी तेवढे ऐकू येतात, आणि त्यामुळे नीरेचे एकाकीपण प्रेक्षकांच्या मनाला अधिकच भिडते. संगीतकाराने आपली वाद्ये मुकी ठेवणे, हा केवढा संयम!

पुढे १९४० साली आलेल्या ‘संत ज्ञानेश्वर’ या चित्रपटालाही केशवरावांचेच संगीत लाभले. आपले अनुभव त्यांनी ‘माझे संगीत : रचना आणि दिग्दर्शन’ या ग्रंथात नमूद करून ठेविले. १९७७ साली त्यांचे निधन झाले.

ज्या वास्तूत ‘प्रभात’चे चित्रपट तयार झाले, तेथे १९६० पासून चित्रपटकलेचे शिक्षण देणारी राष्ट्रीय संस्था उभी आहे. तेथे शिकावयास येणाऱ्या तरुणांनाच नव्हे, तर कोणतेही काम मनापासून करू इच्छिणाऱ्या प्रत्येकाला केशवरावांचे जीवन एक गोष्ट शिकविते. आपली कला दाखविण्यापेक्षा हाती घेतलेले कार्य मोठे असते. केव्हा गावे हे पुष्कळांना कळते. केव्हा थांबावे हे ज्याला कळते, तोच खरा कलावंत.