थोर गणिती भास्कराचार्य

भारतीय गणिताच्या इतिहासात भास्कराचार्यांचे स्थान अग्रगण्य आहे. शके १०३६ म्हणजे इ. स. १११४ मध्ये त्यांचा जन्म झाला. सह्याद्रीच्या परिसरातील विज्जलविड हे त्यांचे गाव. पिता महेश्वर हे स्वतः विद्वान ज्योतिषी होते. त्यांच्याच चरणांशी बसून भास्कराचार्यांनी विद्या संपादन केली व वयाच्या अवघ्या ३६व्या वर्षी, इ. स. ११५० मध्ये, ‘सिद्धान्तशिरोमणि’ हा ग्रंथ सिद्ध केला. लीलावती, बीजगणित, ग्रहगणित व गोलाध्याय हे त्याचे चार भाग होत.

यांपैकी ‘लीलावती’ची ख्याती सर्वश्रुत आहे. तथापि व्यापारी मनाला अधिक जवळचे वाटावे ते ‘बीजगणित’. त्यातील एक उदाहरण पाहण्याजोगे आहे. एका गृहस्थाजवळ ३०० नाणी रोख व ६ घोडे आहेत. दुसऱ्याजवळ १० घोडे आहेत, परंतु त्याच्यावर १०० नाण्यांचे ऋण आहे. सर्व घोडे सारख्याच मोलाचे असून दोघांची संपत्ती समान आहे. तर एका घोड्याचे मोल किती?

येथे अज्ञात राशी दोन्ही पक्षांत आहे. आचार्य तिला ‘यावत्तावत्’ म्हणतात व संक्षेपाने ‘या’ लिहितात. ऋणसंख्येच्या माथ्यावर बिंदू देतात. आता दोन्ही पक्षांतून ६ घोडे वजा केले, तर एकीकडे ३०० नाणी व दुसरीकडे ४ घोडे आणि १०० चे ऋण उरते. दोन्हीकडे १०० मिळविले की ऋण फिटते आणि ४ घोड्यांचे मोल ४०० ठरते. अर्थात एक घोडा १०० नाण्यांचा. ताळा पाहावा, तर दोघांचीही संपत्ती ९०० भरते.

हेच ऋण दडवून हिशेब केला असता, तर घोड्याचे मोल ७५ निघाले असते आणि तो सारा हिशेब खोटा ठरला असता. ऋण हीदेखील धनाइतकीच खरी संख्या आहे, ती स्पष्ट मांडावी आणि जे एका पक्षास करावे तेच दुसऱ्यासही करावे, हा या रीतीचा गाभा आहे. प्रामाणिक वहीखात्याचा धर्म याहून वेगळा नाही.

इ. स. ११८३ मध्ये, उतारवयातही, त्यांनी ‘करणकुतूहल’ हा ग्रंथ रचला. पुढे त्यांचे नातू चांगदेव यांनी आजच्या चाळीसगावजवळील पाटण येथे आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापिला. निकुंभ वंशातील सोइदेवाने इ. स. १२०७ मध्ये त्यास दान दिले. तेथील शिलालेखाच्या प्राचीन मराठी भागात, पाटणच्या पेठेत विक्रीस येणाऱ्या मालावर राजाला ग्राहकांकडून मिळणारा कर मठास दिल्याची नोंद आहे. ज्यांनी ऋण-धनाचा चोख हिशेब शिकविला, त्यांच्या विद्येस बाजारपेठेनेच आधार द्यावा, हा योग खरोखर मननीय आहे.