तलाठ्याचे दप्तर आणि गावचा न्याय

कायदा टिकतो तो राजाज्ञेवर की लोकमान्यतेवर, या प्रश्नाची कसोटी जुन्या सातारा जिल्ह्यात लागली ती क्रांतिसिंह नाना पाटील यांच्या हयातीत. १९०० साली जन्मलेले नाना सरकारी तलाठी होते. परकी राज्याचा कायदा खेड्यात शिरतो तो दप्तरातून, हे त्यांनी जवळून पाहिले. १९३० मध्ये नोकरी सोडून ते कायदेभंगात उतरले. १९४२ नंतर आजच्या सातारा-सांगलीतील गावोगाव प्रतिसरकार उभे राहिले आणि लोक आपले तंटे कोर्टाऐवजी त्याच्या न्यायदान मंडळांपुढे नेऊ लागले. गुंडांच्या तळपायांवर फटके देणारा हा न्याय कठोर होता, हे झाकण्याचे कारण नाही. जी विधिव्यवस्था एकूण पाळलीच जात नाही तिचे प्रामाण्यही उरत नाही, असे केल्सेन हा ऑस्ट्रियन विधिज्ञ मानतो. येथे तसे घडले, परंतु अर्धेच! १९४६ मध्ये नाना प्रकट झाले, मंडळे विरली. पुढे राज्यघटनेच्या ३७२व्या अनुच्छेदाने जुने कायदे चालूच ठेवले. १९५७ मध्ये साताऱ्यातून व १९६७ मध्ये बीडमधून नाना लोकसभेवर, म्हणजे कायदे करणाऱ्यांतच, निवडून गेले. ६ डिसेंबर १९७६ रोजी ते वारले, तेव्हाही दंडसंहिता १८६० चीच होती. ती बदलली २०२४ मध्ये.